सुमन आला की सुमन आली?

(मंडळाच्या वर्धापनदिनाच्या सभेत केलेले भाषण)



चिटणीसबाईंनी मला विषय निवडण्याची मोकळीक दिली, तेव्हा आहार, बचत किंवा नातवंडांचे संगोपन यांपैकी काहीतरी निघेल अशी त्यांची अपेक्षा असावी. मी मात्र एक नाव घ्यावयास उभी राहिले आहे. उखाण्यातले नाव नव्हे. ते घेण्याचे माझे वय गेले. नाव आहे सुमन. आपल्या मंडळाच्या सभासद-वहीत हे नाव इतक्या वेळा येते की हजेरी घेताना प्रत्येकीचे आडनाव उच्चारावे लागते. नुसते 'सुमनताई' म्हटले तर सभागृहाच्या दोन-तीन कोपऱ्यांतून ओ येते. वर्ध्याच्या सर्वोदयी मंडळींत सुमनताई म्हटले की ठाकुरदास बंगांच्या पत्नी सुमनताई बंग आठवतात. असे हे आपल्या घरचे, माजघरातले नाव. हे बाईचेच नाव, याविषयी आपल्यापैकी कोणाला कधी शंका आली नसेल.

परंतु आपला हा वर्धा जिल्हा मराठी मुलखात असला तरी येथे हिंदी बोलणाऱ्यांचा राबता मोठा. येथे १९३६ साली राष्ट्रभाषा प्रचार समिती स्थापन झाली, सेवाग्रामला सर्व प्रांतांची माणसे येऊन राहिली, पुढे १९६९ साली तेथे वैद्यकीय महाविद्यालय निघाले आणि १९९७ पासून हिंदी विश्वविद्यालयही आले. तेव्हा आपल्यातील एका सुमनताईंना एका हिंदी संस्थेचे निमंत्रण येते आणि पाकिटावर लिहिलेले असते, 'श्रीमान सुमनजी'. ताई ते पाकीट घेऊन मंडळात आल्या आणि म्हणाल्या, "आता मी मिशा लावून जाऊ की काय?" आम्ही सगळ्या पोट धरून हसलो. पण लिहिणाऱ्याचे काही चुकले नव्हते. त्याच्या मुलखात सुमन हे पुरुषाचेही नाव आहे. हिंदीतील एक थोर कवी शिवमंगल सिंह (१९१५–२००२) यांनी स्वतःला 'सुमन' हेच उपनाव घेतले आणि हिंदी जग त्यांना सुमनजी म्हणूनच ओळखते. नेपाळात सुमन नावाचे पुष्कळ पुरुष भेटतील, बंगालातही भेटतील, आणि दक्षिणेकडील चित्रपटांत सुमन नावाचा एक नायक आहे हे आपल्या सुना-मुली सांगतील.

बंगालवरून आठवले. आपल्या लाडक्या गायिका सुमन कल्याणपूर, ज्यांना २०२३ साली पद्मभूषण मिळाले, त्यांचा जन्म १९३७ साली ढाक्याचा. माहेरच्या त्या सुमन हेमाडी. आणि बंगाली गाण्यांच्या जगात मोठे नाव असलेले एक गायक आहेत, ते मूळचे सुमन चट्टोपाध्याय. त्यांनी पुढे धर्म बदलला, आडनाव टाकले, कबीर हे नाव घेतले. पण सुमन सोडले नाही. आज ते कबीर सुमन आहेत. दोघेही गाणारे, दोघेही सुमन; एक आली आणि एक आला.

मग खरे कोणाचे? हे नाव मुळात बायकांचे आणि पुरुषांनी उचलले, की पुरुषांचे आणि बायकांनी? मी शाळेत संस्कृत शिकले होते तेवढ्या शिदोरीवर आणि घरातल्या जुन्या अमरकोशाच्या आधाराने थोडा शोध घेतला. जे हाती लागले ते सांगण्यासारखे आहे.

मूळ शब्द 'सुमनस्'. सु म्हणजे चांगले आणि मनस् म्हणजे मन. ज्याचे किंवा जिचे मन चांगले, प्रसन्न, ती व्यक्ती सुमनस्. हे विशेषण असल्यामुळे ते कोणालाही लागते. याच घरातले 'सौमनस्य' आपण वापरतो आणि मन थाऱ्यावर नसले की 'विमनस्क' म्हणतो, तोही त्याच्या चुलत घराण्यातला. तेव्हा फूल हा अर्थ पहिला नव्हे. मन आधी, फूल मागाहून. मन प्रसन्न करते म्हणून फुलाला ते नाव मिळाले, असा त्याचा उलगडा देतात.

आता अमरकोश पहा. जुन्या पाठशाळांतील मुले तो तोंडपाठ करीत, कारण त्यात एका वस्तूला किती नावे आणि त्या नावांचे लिंग कोणते हे दोन्ही सांगितलेले असते. त्यात स्वर्गाच्या भागात देवांची जी नावे दिली आहेत त्यांत 'सुमनस्' आहे. तेथे तो पुल्लिंगी. पुढे वनस्पतींच्या भागात फुलाची नावे येतात, तेथे पुन्हा 'सुमनस्' आहे. आणि कोशकाराने मुद्दाम बजावले आहे की या अर्थी हा शब्द स्त्रीलिंगी. त्याच भागात 'सुमना' म्हणजे जाई. आणि एवढ्यावर थांबत नाही. वैश्यांच्या, म्हणजे शेती-व्यापाराच्या भागात धान्ये सांगितली आहेत, तेथे गव्हाला 'सुमन' म्हटले आहे, आणि तो पुन्हा पुल्लिंगी! म्हणजे देव तो सुमन, फूल ती सुमन, जाई ती सुमना आणि गहू तो सुमन. रबीत आपल्या वावरात उभा असतो तो गहूदेखील आपल्या सुमनताईंचा नावबंधू निघाला. आमच्या शेजारच्या सुमनकाकूंना मी हे सांगितले तेव्हा त्या म्हणाल्या, "म्हणूनच आयुष्यभर दळण दळते आहे."

आणि मराठीने काय केले? मराठीने फूल या अर्थी 'सुमन' घेतला आणि त्याला नपुंसकलिंगी करून टाकला. ते सुमन उमलले. हिंदीत नपुंसकलिंग नाहीच. तेथे फूल या अर्थी सुमन खिलता है, पुल्लिंगी. आता आपण शाळेतल्या मुलांसारखे चालवून पाहू. सुमन आला, सुमन आली, सुमन उमलले. तिन्ही बरोबर. एवढे भाग्य फार थोड्या नावांना लाभले असेल.

बौद्ध ग्रंथांत तर हा प्रकार फारच सुंदर दिसतो. नागपूरच्या १४ ऑक्टोबर १९५६ च्या दीक्षेनंतर आपल्या विदर्भातील कितीतरी घरांत ह्या ग्रंथांतील नावे पुन्हा नांदू लागली, म्हणून हे अवश्य सांगितले पाहिजे. भिक्षूंच्या गाथांचा संग्रह थेरगाथा, त्यात सुमन नावाचे थेर आहेत. भिक्षुणींच्या गाथांचा संग्रह थेरीगाथा, त्यात सुमना नावाच्या थेरी आहेत. आणि धम्मपदाच्या अट्ठकथेत एका माळ्याची गोष्ट आहे. त्याचे नाव सुमन. तो रोज बिंबिसार राजाला जाईची फुले नेऊन देई. एके दिवशी वाटेत त्याला बुद्ध दिसले आणि राजाचा कोप होईल ही भीती न बाळगता त्याने ती सगळी फुले बुद्धांना वाहिली. सुमन नावाचा पुरुष, त्याच्या हातात सुमना नावाची फुले. गोष्ट सांगणाराला हा मेळ ठाऊक नव्हता असे मला वाटत नाही.

येथे एक बारीक गोष्ट लक्षात येते. पालीत पुरुष तो सुमन आणि स्त्री ती सुमना. भेद शेवटच्या स्वरात आहे. आपल्या धर्मशास्त्रकारांचाही याच शेवटच्या स्वरावर कटाक्ष होता. मुलीचे नाव उच्चारण्यास सोपे, कानाला गोड आणि दीर्घ स्वराने संपणारे असावे, असे मनुस्मृती सांगते. गृह्यसूत्रांत तर अक्षरांची मोजणी आहे: मुलाच्या नावात सम अक्षरे, दोन किंवा चार, मुलीच्या नावात विषम. आता ही फूटपट्टी आपल्या नावाला लावा. सु-म-न, अक्षरे तीन, म्हणजे विषम. या परीक्षेत मुलगी म्हणून उत्तीर्ण. पण शेवटी दीर्घ स्वर नाही. त्या परीक्षेत नापास. आणि गंमत अशी की किरण, कमल, कुसुम, विमल, सरोज ही आपल्याकडे मुलींना ठेवलेली सगळी नावे नेमकी अशीच आहेत. तीन अक्षरी आणि शेवटी आकार नाही. आपण बोलताना शेवटचा 'अ' गिळून टाकतो, सुमना-गंगा-सीता यांच्यासारखी ओळखीची खूण मागे राहत नाही, आणि नाव दोन्हीकडे जावयास मोकळे होते. नावात बाईपण किंवा पुरुषपण किती, तर एका काना-मात्रेएवढे. तेही गळून पडते.

तुम्ही म्हणाल, फूल नाजूक, म्हणून फुलाचे नाव मुलीलाच शोभते. मी हे ऐकून घेणार नाही. एक कमळच घ्या. कमल, सरोज, नलिनी ही आपल्याकडे मुलींची नावे. पंकज, राजीव, अरविंद, नीरज ही मुलांची. सगळ्यांचा अर्थ कमळ! एकाच तळ्यातले एकच फूल. त्याला एका शब्दाने हाक मारली तर लुगडे नेसवावयाचे आणि दुसऱ्या शब्दाने मारली तर सदरा घालावयाचा. मराठीत कमल म्हटले की कमल देसाई यांच्यासारख्या लेखिका डोळ्यांपुढे येतात, किंवा कर्करोगावर संशोधन करणाऱ्या डॉ. कमल रणदिवे, ज्यांचा जन्म १९१७ साली पुण्याला झाला आणि ज्यांना १९८२ साली पद्मभूषण मिळाले. तेच नाव दक्षिणेत कमल हासन यांचे आहे. विमलचेही तेच: आपल्याकडे विमलताई, बंगालात चित्रपट काढणारे बिमल रॉय. आणि किरणच्या बाबतीत तर मराठी घरातच एका मजल्यावर किरणभाऊ आणि दुसऱ्यावर किरणवहिनी राहतात, कोणाचे काही अडत नाही.

तेव्हा माझे मत असे झाले आहे की लिंग शब्दात नसते, ते मुलखाच्या सवयीत असते. आणि सवयी बदलतात. माझ्या आजीच्या पिढीत गंगा, यमुना, भागीरथी, रखमा अशी नद्यांची आणि देवतांची नावे असत. मग छापील पुस्तके, मासिके घरात येऊ लागली, मुली शाळेत जाऊ लागल्या आणि पाळण्यात फुले उमलू लागली. कुसुम, सुमन, कमल, मालती. वि. वा. शिरवाडकरांच्या धाकट्या बहिणीचे नाव कुसुम. सहा भावांत ती एकटी. तिचा थोरला भाऊ म्हणून त्यांनी कुसुमाग्रज हे नाव घेतले. बहिणीच्या नावावरून भाऊ ओळखला जावा, असे आपल्याकडे किती वेळा घडते? मला तरी त्या सबंध टोपणनावात हीच गोष्ट फार आवडते.

आता जरा अवघड भागाकडे येते. येथपर्यंत आपण हसत आलो, पण नाव हा नुसता हसण्याचा विषय नाही. वर्धा हा नावे देणाऱ्यांचा जिल्हा आहे. विनायक भावे 'विनोबा' झाले, मॅडेलिन स्लेड यांना 'मीरा' हे नाव गांधीजींनी दिले. शेगाव या गावाची पत्रे बुलढाण्याकडच्या शेगावला जात, तो घोळ मिटावा म्हणून १९४० साली गावाचे सेवाग्राम झाले. ही नावे ज्यांना मिळाली त्यांनी ती आनंदाने घेतली. पण तांदळाच्या ताटात अंगठीने लिहिलेले नाव? आपल्यापैकी कितीजणींना ते कोणी विचारून दिले होते? माहेरी दाखल्यावर एक नाव, सासरी शिधापत्रिकेवर दुसरे, आणि दोन्ही बाया एकच हे सिद्ध करण्यासाठी प्रतिज्ञापत्र तिसरे. याचा त्रास कोठे होतो, तर बापाच्या जमिनीत वारस लागताना.

आमच्या थोरल्या वन्सं, त्यांचे नाव सुमन. त्यांच्या नशिबाने ते माहेरचेच टिकले. माझे सासरे वारले तेव्हा गावच्या दप्तरात वारसांची नोंद झाली. कोणत्या गावच्या, ते सांगत नाही. दोन भाऊ आणि तीन बहिणी. बाकी दोघी बहिणींची नावे आकारान्त, त्यांच्यापुढे 'मुलगी' असे लागले. वन्संच्या नावापुढे लागले 'मुलगा'. लिहिणाऱ्याने सुमन पाहिले, पुढे बापाचे नाव पाहिले, आणि आपल्या मनाने ठरवून टाकले. आपल्या मराठी पद्धतीत मधले नाव बापाचे किंवा नवऱ्याचे असल्यामुळे त्यावरूनही काही कळत नाही, हेही खरे.

पुढे रीतीप्रमाणे बहिणींना बोलावणे गेले. हक्कसोडपत्रावर सह्या करा, साडी-चोळी घ्या आणि सुखाने जा. आपल्या भागात हे इतके अंगवळणी पडले आहे की न मागता सही करणारी ती शहाणी बहीण. १९५६ च्या हिंदू वारसा कायद्याने बापाच्या स्वकष्टार्जित मिळकतीत मुलीला मुलाइतका वाटा दिला, २००५ च्या दुरुस्तीने वडिलोपार्जित मिळकतीतही ती जन्माने हक्कदार झाली. परंतु कायदा कागदावर आणि साडी ओटीत. दोघी बहिणींनी सह्या केल्या. वन्संनी मात्र वारसनोंदीची नक्कल मागून घेतली, चष्मा लावून वाचली आणि आपल्या भावांना म्हणाल्या, "कागदावर मी पोरगा आहो न? मंग पोराकडून कोनी हक्कसोड घेते काय बाप्पा?"

ओसरीवर कोणी बोलेना. धाकटे दीर हसावयास गेले, पण वन्सं हसत नव्हत्या. भाऊ म्हणाले, ताई, ती लिहिणाराची चूक आहे, आपण दुरुस्त करून घेऊ. वन्सं म्हणाल्या, दुरुस्त करा, अर्ज मीच देते. पण दुरुस्त झाल्यावर माझे काय बदलते ते मला सांगा. मी तीच, बाप तोच, वावर तेच. एका शब्दाने माझा वाटा कसा काय जातो?

याला उत्तर कोणाकडेच नव्हते. माझ्या यजमानांकडेही नव्हते आणि खरे सांगते, त्या दिवशी माझ्याकडेही नव्हते. नोंद पुढे दुरुस्त झाली. मुलगाचे मुलगी झाले. वन्संनी सही केली नाही. दीड-दोन वर्षे भावांचे बोलणे तुटक राहिले, राखीला त्या आल्या तेव्हा ताटात ओवाळणी पडली पण गप्पा झाल्या नाहीत. पुढे ते निवळले. आज त्यांचे नाव सातबाऱ्यावर आहे, वावर भाऊच वाहतो, आणि दरवर्षी दिवाळीच्या आधी हिशेब करून त्यांच्या हिश्शाचे पैसे आणून देतो. इतर दोघी बहिणींनी मला पुष्कळदा विचारले आहे, आमचीही नावे सुमन असती तर? मी त्यांना सांगते, नावाने काही झाले नसते. नावाने फक्त प्रश्न विचारण्याची वाट करून दिली.

अलीकडे महाराष्ट्र सरकारने असा निर्णय केला आहे की १ मे २०२४ रोजी किंवा त्यानंतर जन्मलेल्या मुलांच्या नावात आधी मुलाचे नाव, मग आईचे, मग बापाचे आणि शेवटी आडनाव असे लिहावयाचे. काहींना ते लांबलचक वाटते. मला ते पहावयास फार बरे वाटते. उद्या एखादा मुलगा आपले नाव सांगताना मध्ये 'सुमन' म्हणेल, ते त्याच्या आईचे असेल. ज्याला माहीत नाही तो विचारील, ही दोन्ही बापाचीच नावे की काय? विचारू द्या.

काही जणींनी मला सभेपूर्वी विचारले की नातीचे नाव सुमन ठेवावे काय, हल्ली कोणी ठेवत नाही, जुने वाटते. जुने तर आहेच, अमरकोशाहून जुने. ठेवा. नातवाचे ठेवले तरी माझी हरकत नाही. नावे ठेवणारे नावे ठेवतील, त्यांचा तो धंदाच आहे.

आता शेवटी कामाचे बोलते. सुमनच नव्हे, तर किरण, कमल, विमल, कांचन, मंगल, शशी असे ज्यांचे नाव असेल त्यांनी घरी गेल्यावर आधार, मतदार ओळखपत्र, शिधापत्रिका, बँकेचे पासबुक आणि असल्यास सातबारा, एवढे काढून स्त्री की पुरुष याविषयी कोठे काय लिहिले आहे ते पहावे. ज्यांचे लग्नात नाव बदलले त्यांनी दोन्ही नावांचे कागद एकत्र ठेवावेत. येत्या शनिवारी दुपारी तीन वाजता मी आणि चिटणीसबाई मंडळाच्या खोलीत बसणार आहोत. अर्जाचे नमुने आणून ठेवू. येताना मूळ कागद आणि प्रत्येकाची एक झेरॉक्स आणावी, आणि चष्मा विसरू नये.